उघड्या पाठीच्या फोटोखाली काय लिहायचं?

शिरपूरच्या एका फोटोग्राफर भाऊंनी प्रश्न विचारला आहे. थोडक्यात असा: "मी ९ वर्षं लग्नाचे फोटो काढतो. गेल्या हिवाळ्यात ओळखीच्या एका जोडप्याचे १४ कृष्णधवल फोटो काढले. दोघंही तिशीच्या पुढचे, नाटकात काम करणारे. काही फोटो तापीकाठी, काही त्यांच्या घरात. ओले केस, मान, एकमेकांत गुंतलेली बोटं. एका फोटोत ती खिडकीकडे तोंड करून बसली आहे आणि पाठ पूर्ण उघडी आहे. आता जळगावला प्रदर्शन ठरतंय. निमंत्रण, मनोगत आणि प्रत्येक फोटोखाली एक ओळ लिहायची आहे. 'बोल्ड' लिहिलं तर लोक भलतंच समजतात, 'शृंगारिक' लिहिलं तर लावणीचा कार्यक्रम वाटतो, 'कलात्मक' लिहिलं तर काहीतरी झाकतोय असं वाटतं. सुरक्षित शब्द कोणते?"

भाऊ, सुरक्षित शब्दांची यादी देणं सोपं आहे, पण ती तुमच्या कामी येणार नाही. तोच शब्द एका फोटोखाली साजतो आणि दुसऱ्या फोटोखाली शिवीसारखा लागतो. तुमची अडचण मला वेगळी दिसते. फोटो काढताना तुम्ही त्या दोघांकडे जपून बघितलंत. त्यांनी तुम्हाला घरात घेतलं, तुमच्यासमोर निवांत बसले, यावरूनच ते कळतं. पण लिहायला बसलं की हाताशी तयार शब्द येतात आणि त्या शब्दांत दुसऱ्याच कुणाची तरी नजर भरलेली असते. सिनेमाच्या जाहिरातीची, कॅलेंडरची, पानटपरीवरच्या गप्पांची. तुमची नजर लिखाणात टिकवायची कशी, हा खरा प्रश्न आहे.

मी धुळ्यात आणि जळगावात मिळून २४ वर्षं फोटोओळी लिहिते आहे. आधी दैनिकाच्या पुरवणीसाठी, नंतर प्रदर्शनांच्या पुस्तिकांसाठी. सगळीकडे एकच नियम चालत नाही, हे आधीच सांगते. दार असलेल्या दालनात, जिथे माणूस ठरवून येतो, तिथे जी ओळ चालेल ती रस्त्यावरच्या फ्लेक्सवर चालणार नाही. फोटोतली माणसं पुण्या-मुंबईची असतील तर एक गोष्ट. शिरपूर-चोपड्याची असतील आणि उद्या त्यांना त्याच बाजारात भाजी घ्यायला जायचं असेल तर दुसरी. आणि हल्ली दालनातली ओळ दालनात राहत नाही. कुणीतरी मोबाईलने टिपतो आणि संध्याकाळपर्यंत ती समाजाच्या ग्रुपवर असते. म्हणून मी खाली जे सांगते ते नियम म्हणून घेऊ नका, माझी सवय म्हणून घ्या. ही सवय मला एका चुकीने लावली. ती चूक आधी सांगते.

२००३ चा हिवाळा. नंदुरबारच्या मिरचीच्या पथारीवरचा एक फोटो माझ्या टेबलावर आला. चहूकडे लाल मिरची वाळत घातलेली, ऊन उतरणीला लागलेलं. एक बाई वाकून मिरची पसरवते आहे, पदर कमरेला खोचलेला, घामाने ब्लाऊज पाठीला चिकटलेला आणि मागून येणाऱ्या उन्हाने तिच्या सगळ्या आकाराला कडेने सोनेरी रेघ आलेली. फोटो फार सुंदर होता. मी वर ओळ घातली: 'लाल मिरचीचा मादक ठसका'. पुरवणीच्या पहिल्या पानावर चार कॉलममध्ये ती छापून आली आणि ऑफिसात सगळ्यांनी कौतुक केलं.

पाचव्या दिवशी ती बाई ऑफिसात आली. सोबत दीर होता. पुरवणीची घडी तिने पदरात गुंडाळून आणली होती. तिला वाचता येत नव्हतं. पथारीवरच्या मुकादमाने ओळ मोठ्याने वाचून दाखवली होती आणि तेव्हापासून तो तिला त्याच शब्दाने हाक मारत होता. ती ओरडली नाही, रडलीही नाही. घडी उघडली, फोटोवर बोट ठेवलं आणि विचारलं, "ताई, मन्हं काय चुकनं?"

फोटोबद्दल तिची तक्रार नव्हती. उलट फोटो फाडून टाकू नका, मला एक द्या, असं ती जाताना म्हणाली. तक्रार एका शब्दाची होती. 'मादक' म्हणजे मद आणणारं, नशा आणणारं. कुणाला? बघणाऱ्याला. त्या शब्दात ती बाई कुठेच नव्हती. तिच्या पाठीवरचा घाम रोजंदारीचा होता, आणि मी त्याला बघणाऱ्याच्या डोक्यातली नशा म्हटलं होतं. तिचं काहीच चुकलं नव्हतं. चूक माझ्या विशेषणाची होती.

त्या दिवसापासून मी लिहिलेल्या प्रत्येक शब्दासाठी फोटोवर बोट ठेवून बघते. 'ओले' लिहिलं, तर केसांच्या टोकाला थेंब दिसतो, त्यावर बोट ठेवता येतं. 'वाकलेली' लिहिलं, तर कण्याची कमान दिसते. 'मादक', 'मोहक', 'उत्तेजक', 'घायाळ करणारी' यांवर बोट ठेवायला गेलात तर ते फोटोवरून उठून तुमच्याच छातीवर येतं. हे शब्द बघणाऱ्याला काय झालं ते सांगतात आणि त्याची जबाबदारी फोटोतल्या माणसावर टाकतात. तुम्ही विचारलेल्या विषयातली अर्ध्याहून अधिक गफलत इथेच होते.

आता तुमच्या शब्दांकडे येते.

'बोल्ड' सोडून द्या. मराठीत तो शब्द सिनेमाच्या बातम्यांनी वापरून वापरून झिजवला आहे. 'बोल्ड सीन', 'बोल्ड अंदाज' एवढंच त्यातून ऐकू येतं. शिवाय त्यात फोटोतल्या बाईच्या धाडसाबद्दल एक शेरा असतो, जणू पाठ उघडी ठेवून तिने काहीतरी ओलांडलं. तुमच्या फोटोत तिने काही ओलांडलेलं नाही. ती तिच्या घरात बसली आहे.

'कलात्मक' तुम्हाला खटकला, ते बरोबर खटकलं. आपल्या कामाला आपणच दिलेलं ते प्रमाणपत्र आहे. पोळी चांगली झाली की नाही हे वाढणाऱ्याने सांगायचं नसतं.

'सेन्शुअल' हा शब्द बरेच तरुण फोटोग्राफर देवनागरीत तसाच लिहितात. लिहू नका, असं माझं स्पष्ट मत आहे. धुळ्यात एका प्रदर्शनाच्या निमंत्रणावर आम्ही हा शब्द घातला होता. डीटीपी करणाऱ्या मुलाला वाटलं स्पेलिंग चुकलंय, त्याने भल्या मनाने 'सेक्शुअल' करून टाकलं आणि ३०० पत्रिका छापून आल्या. छपाई रद्द केली. पण खरी गोष्ट अशी की त्याने दुरुस्त केलं नसतं तरी वाचणाऱ्या निम्म्या लोकांनी मनात तेच वाचलं असतं.

मग मराठीत काय? 'ऐंद्रिय' हा शब्द आहे. तो पुस्तकी वाटतो, मान्य आहे, पण त्याचा अर्थ नेमका आहे: डोळ्यांना, कातडीला, नाकाला, कानाला जाणवणारं. मनोगतात तो एकदाच वापरावा आणि लगेच पुढच्या वाक्यात साध्या भाषेत उलगडून सांगावा. त्यात केवळ देह येत नाही, हे लोकांना कळलं की निम्मा ताण उतरतो. आपल्या चाळीसगावचे केकी मूस (१९१२–१९८९) टेबल-टॉप छायाचित्रणासाठी ओळखले जातात. टेबलावर मांडलेल्या साध्यासुध्या वस्तूंवर उजेड कसा बसवायचा, याचं त्यांचं कसब बघितलं की हात लावून बघावासा वाटणारा पृष्ठभाग म्हणजे काय ते समजतं. तिथे एकही उघडी पाठ नाही, तरी फोटो कातडीला जाणवतो. तुमच्या १४ फोटोंपैकी एखाद्यात चादरीची सुरकुती, ओल्या टॉवेलचा खरखरीतपणा, भिंतीचा ओलसर गिलावा असेलच. मनोगतात त्यांचंही नाव घ्या. मग पाठ ही त्या घरातल्या अनेक पृष्ठभागांपैकी एक होते.

'शृंगार' या शब्दाबद्दल थोडं थांबून सांगते, कारण तो मला फेकून द्यावासा वाटत नाही. तुम्हाला 'शृंगारिक' म्हटलं की लावणी आठवते. लावणीत काही उणं आहे म्हणून नव्हे, पण वाचकाच्या कानात ढोलकी वाजायला लागली की तुमचा शांत कृष्णधवल फोटो त्याला दिसेनासा होतो. हा दोष विशेषणाचा आहे, नामाचा नाही. 'शृंगार' म्हटलं की नटणंथटणंही येतं आणि रसही येतो. रस म्हणून त्याला दोन माणसं लागतात. रसशास्त्राने त्याचे दोन भाग केले: संभोग, म्हणजे एकत्र असण्याचा, आणि विप्रलंभ, म्हणजे ताटातुटीचा. तुमच्याकडे एक जोडपं आहे, त्यामुळे हा शब्द तुमच्या कामाला शोभतो. त्यांच्यातल्या एकाचाच फोटो असता तर मी तो सुचवला नसता, कारण मग दुसरा माणूस म्हणून बघणाराच त्या जागी जाऊन बसला असता. तुमच्या संचात एखादा फोटो असा असेल ज्यात दोघांपैकी एकच आहे आणि दुसऱ्याची जागा रिकामी आहे, तर तिथे विप्रलंभाची छटा आहे. त्या फोटोखाली 'तो बाहेर गेला आहे' एवढीच ओळ पुरे.

उघडेपणाच्या शब्दांचं असंच आहे. 'विवस्त्र' हा शब्द कोशात निर्दोष आहे, पण आपण तो वाचतो कुठे? 'विवस्त्र करून मारहाण', 'विवस्त्र अवस्थेत मृतदेह'. तो शब्द गुन्ह्याच्या बातमीतून आलेला आहे, त्याच्यामागे जबरदस्ती लागूनच येते. 'अनावृत' म्हटलं की पुतळ्याचं अनावरण डोळ्यांपुढे येतं, मंत्री आणि लाल फीत. 'नग्न' हा चित्रकलेत रुळलेला, सरळ शब्द आहे, पण पूर्ण नग्नता असेल तरच वापरावा. फक्त पाठ उघडी असताना 'नग्न' लिहिणं म्हणजे नसलेलं दाखवणं. मला 'उघडी पाठ' सगळ्यांत बरं वाटतं. आपल्याकडे उन्हाळ्यात पुरुष ओट्यावर उघडे बसतात. 'बाबा उघडेच बसलेत' या वाक्याने कुणी दचकत नाही. तोच शब्द तिच्यासाठी वापरा आणि त्याच्यासाठीही वापरा. दोघांसाठी तोच शब्द तुमच्या हातून लिहिला जात नसेल, तर तो शब्द तपासून बघा. 'स्त्रीदेह' हा शब्द मी याच कारणाने वापरत नाही. 'पुरुषदेह' असं कुणी सहज लिहिताना मला आजवर दिसलं नाही.

आणखी काही शब्द आहेत, त्यांबाबत मी अजिबात तडजोड करत नाही. अल्लड, कोवळी, नवयौवना, षोडशा, उमलती कळी. फोटोतली बाई ३२ वर्षांची असली तरी हे शब्द तिला पोर करून टाकतात आणि पोरीच्या देहाकडे बघायचं आमंत्रण देतात. फोटोतल्या व्यक्तीचं वय १८ च्या खाली असेल तर प्रश्न शब्दांचा उरतच नाही. असा फोटो काढायचाच नाही, ठेवायचा नाही, दाखवायचा नाही. मुलांना लैंगिक अत्याचारांपासून संरक्षण देणारा पोक्सो कायदा २०१२ चा आहे, पण कायदा नसता तरी माझं उत्तर हेच असतं.

मेनका, राधा, शकुंतला, द्रौपदी अशी नावंही फोटोंना देऊ नका. काही लोक ही नावं ढाल म्हणून घेतात. पण ज्याला दुखवून घ्यायचं आहे त्याला त्यातून निमित्त मिळतं, आणि ज्याला फोटो बघायचा आहे त्याचं लक्ष पुराणात जातं. तुमच्या फोटोतली बाई तिच्या स्वतःच्या घरात, स्वतःच्या खिडकीपाशी बसली आहे. ते पुरेसं आहे.

तुमच्या खिडकीच्या फोटोसाठी मी ओळ कशी शोधली असती, ते दाखवते. पहिला प्रयत्न: 'अनावृत सौंदर्य'. बोट ठेवते. 'अनावृत'चं वर झालं. 'सौंदर्य' कुठे आहे? फोटोत नाही, माझ्या मतात आहे. खोडलं. दुसरा प्रयत्न: 'पाठीवर ओघळणारा प्रकाश'. हे बरं वाटतं, आणि म्हणूनच मी सावध होते. प्रकाश ओघळत नाही, पाणी ओघळतं. उजेडाला पाण्यासारखं करून मी पाठीवरून हात फिरवते आहे आणि नाव प्रकाशाचं घेते आहे. खोडलं. तिसरा: 'न्हाऊन आल्यावर'. आता वेळ आली, कृती आली, कृती तिची आहे. इथे एक बारकावा लक्षात ठेवा. 'न्हाऊन' चालतं, पण 'न्हाण' लिहू नका. आपल्याकडे मुलीला 'न्हाण आलं' म्हणतात त्याचा अर्थ वेगळा आहे, आणि म्हाताऱ्या बायका तोच वाचतील. चौथा: 'केस वाळेपर्यंत'. मी इथे थांबले असते. तिचे केस ओले आहेत, त्यावर बोट ठेवता येतं. ती का बसली आहे ते कळतं. किती वेळ बसेल तेही कळतं. पाठीचा उल्लेख ओळीत नाही, कारण पाठ फोटोत दिसतेच आहे. फोटोत जे ठसठशीत दिसतं ते ओळीत पुन्हा लिहिलं की बोट दाखवून 'बघ बघ' म्हटल्यासारखं होतं.

विशेषण बघणाऱ्याकडून येतं आणि क्रियापद फोटोतल्या माणसाकडून, असा माझा अनुभव आहे. म्हणून मी आधी क्रियापद शोधते. ती काय करते आहे? वाळवते आहे, ऐकते आहे, कंटाळली आहे, हसू दाबते आहे. काहीच करत नसेल आणि नुसती 'दिसत' असेल, तर तो फोटो संचात हवा का, हेही एकदा विचारा.

हे मी मिरचीवालीकडून शिकले. पण ते पक्कं झालं अजिंठ्यात. जळगावहून ६० किलोमीटर, म्हणजे आपल्या अंगणातच. लेणं क्रमांक १६ मध्ये एक चित्र आहे. मान कललेली, डोळे जड झालेले, अंग सैल पडलेलं, भोवती सावरणाऱ्या दासी. त्याला लोक 'मरणासन्न राजकन्या' म्हणून ओळखत आले. अभ्यासकांनी बौद्ध कथेशी ताडून बघितल्यावर कळलं की ती बुद्धाचा सावत्र भाऊ नंद याची बायको सुंदरी आहे. नवरा भिक्षू झाला हे कळल्यावर ती कोसळली आहे. चित्राची एक रेघही बदलली नाही. पण ओळ बदलली आणि त्या अंगाचा सैलपणा वेगळा दिसायला लागला. मी शिकायला येणाऱ्या मुलांना लेणं क्रमांक १ मधल्या पद्मपाणी बोधिसत्त्वाच्या चित्रासमोर उभं करते आणि पाच वाक्यं लिहायला सांगते, एकही विशेषण न वापरता. पहिल्या दहा मिनिटांत सगळे अडतात. मग कुणीतरी लिहितं, 'त्याने वजन एका पायावर घेतलंय', कुणी लिहितं, 'फूल धरलंय, पण फुलाकडे बघत नाही'. त्या वाक्यांमधून जो देह उभा राहतो तो 'सुडौल' आणि 'लावण्यमय' लिहून कधी उभा राहत नाही. प्रदर्शनाआधी एक दिवस काढून जाऊन या. लेण्यांत फ्लॅश चालत नाही आणि उजेड कमी असतो, त्यामुळे कॅमेऱ्यापेक्षा वहीचाच उपयोग जास्त होईल.

तुम्ही विचारलं नाही, पण शिरपूरहून सातपुडा जवळ आहे आणि उद्या तुमचा कॅमेरा तिकडे वळेल, म्हणून सांगते. होळीआधीचा भोंगऱ्या बाजार म्हणजे होळीसाठीच्या खरेदीचा बाजार. वर्षानुवर्षं बाहेरच्यांनी त्याच्या फोटोखाली 'प्रेमाचा बाजार', 'जोडीदार पळवून नेण्याची प्रथा' असं लिहिलं आणि आदिवासी संघटनांना पुन्हा पुन्हा सांगावं लागलं की असं काही नाही. नंदुरबार जिल्ह्यातल्या काठी गावच्या होळीत पुरुष कमरेला भोपळे बांधतात, डोक्यावर मोरपिसांचे उंच टोप घालतात, अंगावर नक्षी काढतात. त्यांच्या फोटोखाली मी 'अर्धनग्न आदिवासी' छापलेलं वाचलं आहे. ज्या माणसाने सजायला एवढे दिवस घातले, त्याला अर्धनग्न म्हणणं म्हणजे त्याने अंगावर घातलेलं काहीच न बघणं. बोट ठेवा: भोपळा आहे, मोरपीस आहे, रंगाचे ठिपके आहेत. ते लिहा.

कायद्याबद्दल थोडक्यात. मी वकील नाही, पण या कामात एवढं माहीत असावं लागतं. अश्लील मजकुराविरुद्धचं भारतीय दंड संहितेतलं जुनं कलम २९२ आता १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत कलम २९४ झालं आहे. मोबाईल-इंटरनेटवरच्या मजकुराला माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६७ लागतं, आणि परवानगीशिवाय खासगी अवयवांचा फोटो काढणं किंवा पाठवणं ६६-ई मध्ये येतं. स्त्रियांचं असभ्य चित्रण रोखणारा १९८६ चा कायदा फोटोइतकाच लिखाणालाही लागू आहे. आणि शब्दांचं वजन किती असतं हे दाखवणारा एक निकाल आहे. टेनिसपटू बोरिस बेकर आणि त्याची वाग्दत्त वधू यांचा नग्न फोटो १९९३ मध्ये आपल्याकडे एका क्रीडा नियतकालिकाने छापला, त्यावर खटला झाला. २०१४ मध्ये याच खटल्यात, म्हणजे अवीक सरकार प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की नग्नता म्हणजे आपोआप अश्लीलता नव्हे, आजच्या समाजाच्या मापाने आणि संदर्भासह बघायचं. न्यायालयाने फोटोसोबतचा लेखही विचारात घेतला. तो वर्णद्वेषाविरुद्ध होता. म्हणजे फोटोशेजारी काय लिहिलं आहे, यावरून फोटो कसा वाचला जावा हे ठरलं. आणि खान्देशातला वाचक भित्रा आहे असंही धरून चालू नका. फैजपूरला जन्मलेल्या मर्ढेकरांवर कवितांमुळे अश्लीलतेचा खटला झाला होता, त्यातून ते निर्दोष सुटले, आणि आज त्या कविता आपली मुलं कॉलेजात शिकतात.

आता जी गोष्ट मी सगळ्यांत महत्त्वाची मानते ती. फोटोला त्या दोघांनी परवानगी दिली असेल. ओळींना दिली आहे का? या दोन वेगळ्या परवानग्या आहेत आणि दुसरी जवळजवळ कुणीच घेत नाही. अमळनेरच्या एका नृत्यशिक्षिकेच्या फोटोखाली मी 'खांद्यावरचा जुना व्रण' असं लिहिलं होतं. व्रण दिसत होता, बोट ठेवता येत होतं, माझ्या सवयीप्रमाणे ओळ बरोबर होती. तिने वाचली आणि म्हणाली, "ताई, दिसतो तो दिसू दे. पण तुम्ही लिहिलं की लोक विचारतील कशाचा आहे, आणि मला ते सांगायचं नाही." मी ओळ काढली. त्यामुळे बोट ठेवता येणं पुरेसं नाही हे मला कळलं. दिसणारी गोष्ट सुद्धा कुणाची तरी असते.

म्हणून मनोगत, शीर्षकं आणि ओळी त्या दोघांना वाचून दाखवा. छापील कागद पाठवू नका, समोर बसून मोठ्याने वाचा, कारण मिरचीवालीला तिची ओळ कुणाच्या तरी आवाजातच ऐकायला मिळाली होती आणि तुमच्या ओळीही कुणीतरी कुणाला तरी वाचून दाखवणारच आहे. त्यांची नावं घालायची का, हेही त्यांना ठरवू द्या. गावाचं, घाटाचं, शिवाराचं नाव ओळीत नको. आपल्याकडे प्रत्येक जण कुणाच्या तरी सोयऱ्यात निघतो. 'तापीकाठ, अमुक घाट' एवढ्यावरून दोन फोनमध्ये घर सापडतं. 'नदीकाठ' पुरतं.

मनोगताचा एक नमुना देते, तुमच्या शब्दांत बदलून घ्या:

"हे १४ फोटो एका घरात आणि एका नदीकाठी, एकाच हिवाळ्यात काढले. दोघांच्या संसाराला बरीच वर्षं झाली आहेत. एकत्र राहणाऱ्या माणसांची अंगं एकमेकांना सरावतात, तो सराव मला टिपायचा होता: न बघता पुढे केलेला हात, ओल्या टॉवेलचा खरखरीतपणा, दुपारच्या उन्हात तापलेली भिंत. हे ऐंद्रिय फोटो आहेत, म्हणजे डोळ्यांइतकेच कातडीने बघायचे. काही फोटोंत पाठ आणि खांदे उघडे आहेत. इथे काय टांगायचं ते दोघांनी माझ्यासोबत बसून निवडलं आणि या ओळी आधी त्यांनी वाचल्या."

'काही फोटोंत पाठ आणि खांदे उघडे आहेत' हे वाक्य मुद्दाम ठेवलं आहे. येणाऱ्याला आधी सरळ सांगितलं की तो मुलांना आणायचं की नाही ते स्वतः ठरवतो, आणि दारात उभं राहून दचकत नाही. 'प्रौढांसाठी' असा शिक्का मारू नका. त्याने चुकीची गर्दी जमते.

निमंत्रणावर फोटो टाकायचा तर बोटांचा टाका, पाठीचा नको. आणि मोबाईलवर फोटो टाकताना अंध वाचकांसाठी जे वर्णन लिहायची सोय असते ती रिकामी सोडू नका. ते वर्णन लिहिताना सजवायला वावच नसतो: 'खिडकीपाशी पाठमोरी बसलेली स्त्री, केस ओले, पाठ उघडी, उजेड डावीकडून.' बरेचदा मी ते आधी लिहिते आणि मग फोटोओळ. डोकं जाग्यावर येतं.

गुंतलेल्या बोटांच्या फोटोखाली मी काहीच लिहिलं नसतं, नुसता क्रमांक. बाकीच्या १३ ओळी लिहून झाल्या आणि मला दाखवायच्या असतील तर जरूर पाठवा. पण आधी त्या दोघांकडे जाऊन या, आणि त्यांनी जे शब्द खोडायला सांगितले ते खोडून मगच पाठवा.